कातडे कुठून आणले?

गेली नऊ वर्षे मी एक जग रचत आहे. त्या जगाला नकाशा आहे, सात नद्या आहेत, दोन चंद्र आहेत, तिथल्या माणसांचे सुतकाचे नियम आहेत आणि त्यांच्या बाजारात मीठ कोणत्या मापाने विकतात हेही मला पाठ आहे. यातले काही कुठे छापून आलेले नाही. पणजीच्या कचेरीतून फोंड्याला परतताना बसमध्ये बसायला जागा मिळाली, तर बाणस्तारीचा पूल येईपर्यंत मी मांडीवर वही ठेवून चार ओळी लिहितो. जागा मिळाली नाही तर त्या दिवशी त्या जगात काहीच घडत नाही. घरच्या मंडळींनी या प्रकाराला निरुपद्रवी व्यसन म्हणून मान्यता दिली आहे.

या जगाची उत्पत्ती मी वहीच्या पहिल्याच पानावर उरकून टाकली होती. ‘आधी काहीही नव्हते, मग एक कंप उठला, आणि त्या कंपातून सर्व काही झाले.’ लिहिताना ही ओळ मला फार भारदस्त वाटली होती. वास्तविक तिच्यात माझे असे काहीच नव्हते. ज्ञानेश्वरीचा आरंभच ओंकाराला गणेशाचे रूप देऊन होतो, भर्तृहरी शब्दालाच ब्रह्म म्हणतो, आणि काश्मीरच्या शैव आचार्यांनी नवव्या शतकात ‘स्पंद’ या एका कल्पनेवर अख्खे दर्शन उभे केले. एवढी इस्टेट वारशाने मिळालेली असताना ‘आदिनाद’ असा शब्द लिहून मोकळे होणे म्हणजे आजोबांच्या पैशांवर जेवणावळ घालून स्वतःच्या नावाचा जयजयकार करून घेण्यासारखे होते. म्हणून निदान नाव तरी आपले असावे असे ठरवले. ‘हुंकार’ या शब्दावरून मी त्या आदिकंपाला ‘हुमण’ असे नाव दिले आणि मोठ्या उत्साहाने आईला वाचून दाखवले. गोव्यात हुमण म्हणजे माशांची आमटी. ‘कसले? बांगड्याचे?’ असे आईने विचारले, आणि सृष्टीचा तो आरंभ तिथेच संपला.

पुढचे नाव मात्र शोधावे लागले नाही, ते कानावरच पडत होते. मराठीत ‘घुमणे’ या क्रियापदाला किती अर्थ चिकटले आहेत ते पाहण्यासारखे आहे. देवळाच्या घुमटात पारवे घुमतात. रिकाम्या खोलीत आवाज घुमतो. ज्याच्या अंगात येते तोही घुमू लागतो. आणि गोव्यात घुमट हे वाद्य घुमते, ज्यावाचून आमच्या चवथीची आरती होत नाही आणि ख्रिस्ती घरांतल्या मांडो या गाण्यालाही साथ मिळत नाही. महाराष्ट्राचा ‘तो घुमट’ देवळाच्या शिखरावर असतो. आमचे ‘ते घुमट’ गळ्यात अडकवलेले असते. व्युत्पत्ती सांगणाऱ्यांना या शब्दांची मुळे निरनिराळ्या जागी सापडतील, आणि त्यांचे बरोबरही असेल. पण कानाला ती एकाच कुळातली वाटतात, आणि कल्पित जग रचणाऱ्याला कानाचा कौल घेण्याची मुभा असते. पोकळी, पक्षी, वाद्य आणि संचार या चौघांनाही एकच क्रियापद पुरवणाऱ्या भाषेत मी जन्मलो, हे माझे भाग्य. आदिकंपाचे नाव ‘घूम’ ठरले.

नाव मिळाल्यावर मी तो मजकूर मामांना ऐकवला. मामा चाळीसहून अधिक वर्षे घुमट वाजवत आले आहेत. पुस्तके फारशी वाचत नाहीत, पण वाचून दाखवले तर डोळे मिटून शेवटपर्यंत ऐकतात. ‘आधी काहीही नव्हते, मग घूम उठली,’ इथवर मी आलो आणि त्यांनी डोळे उघडले. ‘आनी कातें खंयसून हाडलें?’ कातडे कुठून आणले? मी म्हणालो, हा आदिकंप आहे, तो कशावरही अवलंबून नाही. ते म्हणाले, ‘मडकें कोणें केलें?’ मी गप्प राहिलो. ‘आनी पयलें मारलें कोणें?’

या तीन प्रश्नांनी माझी नऊ वर्षांची वही पहिल्या पानापासून उसवली. मी रागावलो होतो हे कबूल केले पाहिजे. अध्यात्मावर कुंभाराचे प्रश्न विचारू नयेत, असे काहीतरी माझ्या मनात आले. पण रात्री पडल्या पडल्या लक्षात आले की मामांचे प्रश्न अगदी रास्त होते आणि माझा नाद फुकटचा होता. तारेच्या किंवा कातड्याच्या कंपाला ताण लागतो. तार दोन्ही टोकांना बांधलेली नसेल तर ती वाजत नाही, कातडे कडेला आवळलेले नसेल तर ते वाजत नाही. जे ताणून वाजते त्याचा काही भाग न हलणाऱ्या कशाला तरी जखडलेला असावा लागतो. ‘काहीही नव्हते आणि कंप उठला’ हे वाक्य ऐकायला गोड आहे, पण त्यात वाजण्याजोगे काहीच नाही.

तेव्हा मी घुमटच समोर घेऊन बसलो. हे वाद्य म्हणजे भाजलेल्या मातीचे एक मडके, ज्याला दोन तोंडे असतात. मोठ्या तोंडावर कातडे ताणलेले असते आणि मागचे निमुळते तोंड उघडे असते. उजवा हात कातड्यावर पडतो, आणि डावा तळवा मागच्या तोंडावर झाकत-उघडत राहतो, त्यामुळे तोच आघात कधी दबून येतो तर कधी फुगून. पूर्वी कातडे घोरपडीचे असे. १९७२ च्या वन्यजीव संरक्षण कायद्याने घोरपड मारण्यास बंदी आली, आणि आता बहुतेक घुमटे बकरीच्या कातड्याची असतात. २०१९ मध्ये घुमटाला गोव्याचे वारसा वाद्य म्हणून मान्यता मिळाली तीही या नव्या कातड्यासकट. बकरीच्या कातड्याला ती गाज नाही, असे मामांचे म्हणणे आहे, आणि ते म्हणताना त्यांचा चेहरा दुखावलेला असतो. मला विचाराल तर घोरपड जिवंत राहिली हे बरे झाले. पण त्या तक्रारीतून एक गोष्ट मला मिळाली: घुमटाच्या प्रत्येक बोलामागे एक जीव गेलेला असतो, मग तो घोरपडीचा असो वा बकरीचा. आदिनादाच्या आपल्या सगळ्या देखण्या कल्पनांत या जिवाचा हिशेब मला कुठे दिसला नाही.

मग माझ्या जगाची उत्पत्ती मी अशी लिहिली. सर्वांच्या आधी एक वारूळ होते. गोव्यात राहणाऱ्याला हे सुचण्यासाठी फार लांब जावे लागत नाही, कारण आमच्याकडे गावोगाव सातेरी देवी वारुळाच्या रूपातच पूजली जाते, आणि घोरपडही वारुळात अंडी घालते. ते वारूळ आतून पोकळ होते आणि त्याला दोन तोंडे होती. त्यात एकटी राहत होती थोरली, म्हणजे आदिघोरपड. एके दिवशी ती मोठ्या तोंडाशी आली, कडेला चारही पायांची नखे रोवून तोंडभर पसरली, आणि तशीच वाळली. ती का पसरली याची तिथल्या माणसांत चार मते आहेत. माझे पाचवे मत मी अजून कुणाला सांगितलेले नाही. तिचे कातडे आक्रसले, ताण आला, आणि मगच घूम शक्य झाली. म्हणून त्या जगातली माणसे दरवर्षी दहा दिवस थोरलीचे सुतक पाळतात, आणि त्या दिवसांत कुणी टाळीसुद्धा वाजवत नाही.

इथपर्यंत आल्यावर एक वेगळीच अडचण उभी राहिली, आणि खरे सांगायचे तर तीच मला या सगळ्या उद्योगातली सर्वांत मोलाची वाटते. तारेतून निघालेले विश्व आणि कातड्यातून निघालेले विश्व एकसारखे असू शकत नाही. ताणलेली तार छेडली की मूळ स्वराबरोबर त्याच्या दुप्पट, तिप्पट, चौपट वारंवारितेचे स्वर निघतात. सगळा मामला पूर्णांकांचा असतो, म्हणून तंबोरा कानाला एवढा सुव्यवस्थित लागतो. सगळीकडे सारख्या जाडीच्या गोल कातड्याचे तसे नसते. त्याचे वरचे स्वर मूळ स्वराच्या १.५९ पट, २.१४ पट, २.३० पट अशा आडनिड्या अंतरांवर पडतात, आणि म्हणून साध्या ढोलाचा स्वर नेमका कोणता हे सांगता येत नाही. तबल्याला आणि मृदंगाला आपल्या कारागिरांनी मधोमध शाई लावून हे कोडे शतकांपूर्वीच सोडवले होते. ती शाई कातड्याच्या स्वरांना पूर्णांकांच्या रांगेत आणते, हे १९२० मध्ये चंद्रशेखर वेंकट रामन यांनी एका सहकाऱ्यासह दाखवून दिले. घुमटाला शाई नसते. त्याचे कातडे जसे आहे तसे घुमते.

कल्पित विश्वांचे कर्ते साधारणपणे आरंभी गायन ठेवतात, वृंद ठेवतात, सुरेल काहीतरी ठेवतात, आणि मग त्या सुरेल आरंभातून हे खडबडीत जग कसे निघाले याचा खुलासा करण्यासाठी त्यांना एखादा खलनायक आणावा लागतो, जो मध्येच बेसूर होतो. मला त्याची गरज उरली नाही. माझी घूम मुळातच पूर्णांकांची नाही. तिथल्या नद्या वाकड्या आहेत, ऋतू एकमेकांवर चढतात, दोन चंद्रांचे मास कधी जुळत नाहीत, आणि हे सारे कुणाच्या पापामुळे झालेले नाही.

मात्र कंपातून वस्तू कशी होते, हा प्रश्न राहिलाच होता. त्याचे उत्तर स्वयंपाकघरात मिळाले. अर्न्स्ट क्लाड्नी या जर्मन संशोधकाने १७८७ मध्ये एक प्रयोग प्रसिद्ध केला होता: धातूच्या पत्र्यावर वाळू पसरायची, पत्र्याच्या कडेला व्हायोलिनचा गज घासायचा, आणि वाळूच्या आकृत्या उमटताना पाहायच्या. माझ्याकडे पत्रा नव्हता, गजही नव्हता. मी एक घुमट पाटाच्या आधाराने उभे करून कातडे वर येईल असे बसवले, त्यावर मूठभर बारीक रवा पसरला, आणि मागच्या तोंडाशी छोटा स्पीकर धरून एकच स्वर हळूहळू चढवत नेला. (रवा शिऱ्यासाठी आणला होता. त्यावरून जे ऐकावे लागले ते इथे लिहीत नाही.) एका स्वराला रवा मधून उठून सगळा कडेला पळाला. स्वर बराच वर नेल्यावर कातड्याच्या मधोमध एक स्वच्छ कडे उमटले, बांगडीसारखे. ते पाहत असताना मला कळले की मी आजवर उलटेच धरून चाललो होतो. रवा जिथे कातडे नाचते तिथे राहत नाही. जिथे ते हलत नाही त्या रेषांवर तो जाऊन जमतो.

कंपाने जग निर्माण केले, असे आपण सहज म्हणतो, आणि मनात चित्र असते ते कंपच घट्ट होऊन दगड झाल्याचे. रव्याचे म्हणणे निराळे होते. माझ्या जगात आता डोंगर, झाडे आणि माणसे घूमच्या शांत रेषांवर उभी आहेत, आणि सभोवार जे रिकामे दिसते तिथे ती अखंड चालू आहे. त्यामुळे तिथल्या योग्यांची साधनाही बदलली. आधी ते आदिनाद ऐकण्यासाठी गुहेत जाऊन बसत. आता त्यांना ठाऊक आहे की आपण जिथे आहोत तिथे तो ऐकू येणार नाही, कारण ऐकू येत असता तर आपण तिथे टिकलोच नसतो. काहीजण तरीही रेषेवरून पाय बाहेर टाकतात. त्यांची नावे त्या जगात आदराने घेतात, पण मुलांना ठेवत नाहीत.

आता एक गोष्ट इथेच सांगून टाकतो, कारण हा विषय काढला की कुणीतरी मोबाइल पुढे करतेच. सूर्यातून ॐ चा ध्वनी येतो आणि अमेरिकेच्या अंतराळ संस्थेने तो मुद्रित केला आहे, असा एक संदेश वर्षानुवर्षे फिरत आहे. तो खोटा आहे. सूर्य आंदोलतो हे खरे. १९६० च्या सुमारास त्याच्या पृष्ठभागाची पाच मिनिटांच्या आवर्तनाची आंदोलने सापडली. परंतु पाच मिनिटांना एक हेलकावा, आणि माणसाच्या कानाला सेकंदाला निदान वीस लागतात. ती आंदोलने हजारो पटींनी वेगवान केल्यावर जो गुणगुणाट निघतो त्यात ज्याला जे ऐकायचे ते ऐकू येते. ओंकाराला या प्रमाणपत्राची गरज कशाला पडावी, हे मला समजलेले नाही. जे खरोखर घडले ते याहून कितीतरी नवलाचे आहे. १९६४ मध्ये न्यू जर्सीतल्या एका कर्ण्याच्या आकाराच्या मोठ्या अँटेनात पेन्झियस आणि विल्सन या दोन संशोधकांना कुठूनही न येणारी, सगळीकडून सारखी येणारी एक खरखर मिळाली. कर्ण्यात पारव्यांनी घर केले होते. दोघांनी पारवे हाकलले, विष्ठा धुऊन काढली, पण खरखर तशीच राहिली. ती विश्वाच्या बालपणाची ऊब होती. मला त्या कथेत पारवे असणे फार आवडते. पोकळी दिसली की ते येणारच, आणि घुमणारच.

त्या बालपणी, विश्व सुमारे ३,८०,००० वर्षांचे होईपर्यंत, सर्वत्र तप्त वायू आणि प्रकाश यांचे एक दाट मिश्रण भरलेले होते आणि त्यातून खऱ्या अर्थाने ध्वनिलहरी धावत होत्या, प्रकाशाच्या निम्म्याहून अधिक वेगाने. मग विश्व निवले, प्रकाश सुटून निघाला, दाब गेला, आणि लहरी जिथे पोचल्या होत्या तिथेच थिजल्या. २००५ मध्ये आकाशगंगांच्या मांडणीत त्यांची खूण मिळाली: एका आकाशगंगेपासून सुमारे ४९ कोटी प्रकाशवर्षांवर दुसरी सापडण्याची शक्यता किंचित जास्त असते. ध्वनी गेला, रवा राहिला. हे वाचले तेव्हा माझ्या कल्पित जगाची मला थोडी लाजच वाटली, कारण कल्पना करण्याच्या कामात वास्तव माझ्या पुढे निघून गेले होते.

चवथीचे दिवस पावसाचे. भाद्रपदातल्या दमट हवेत घुमटाचे कातडे ढिले पडते, आणि आरतीआधी ते तापवून घ्यावे लागते; मामा शेगडीसमोर घुमट फिरवत बसतात आणि मध्येमध्ये बोटाने टिचकी मारून पाहतात. माझ्या जगातही पावसाळ्याला ‘ढील’ म्हणतात. त्या चार महिन्यांत घूम मंदावते, शांत रेषा पसरट होतात, वस्तूंच्या कडा पुसट होतात, करार पाळले जात नाहीत आणि मेलेली माणसे कधीकधी अंगणात येऊन बसतात. लोक डोंगरमाथ्यांवर आगट्या पेटवतात आणि जगाला शेक देतात. हा भाग मी एका बैठकीत लिहिला. बाकी कशालाही एवढा कमी वेळ लागला नाही.

उरला होता मामांचा तिसरा प्रश्न. पहिले मारले कोणी? ऋग्वेदाच्या दहाव्या मंडलातले नासदीय सूक्त याच उंबऱ्यावर येऊन थांबते. जो वरून पाहतो तो तरी जाणतो की नाही, अशी शंका काढून सात ऋचांत संपते. एवढ्या थोरांनी मोकळी सोडलेली जागा आपण भरू नये, हे मला पटत होते. तरी हात स्वस्थ बसेना.

केसरबाई केरकरांचे केरी आमच्या तालुक्यातलेच. त्यांनी गायिलेली भैरवीतली ‘जात कहाँ हो’ १९७७ मध्ये दोन्ही व्हॉयेजर यानांवरच्या सोनेरी तबकडीतून पृथ्वीबाहेर गेली. व्हॉयेजर १ सुटल्यानंतर अवघ्या अकरा दिवसांनी केसरबाई वारल्या. मैफिलीच्या शेवटी गायचा राग आपण प्रवासाच्या आरंभी पाठवला, याचे मला नेहमी हसू येते आणि जरा गलबलूनही येते. व्हॉयेजर १ हे यान २०१२ मध्ये सूर्याच्या प्रभावक्षेत्रातून बाहेर पडले, आणि तिथल्या अतिविरळ वायूची क्षीण, अखंड कंपने त्याच्या यंत्राने टिपल्याचे २०२१ मध्ये प्रसिद्ध झाले. कानाला ऐकू येईल असे त्यात काही नाही. तबकडीही तिथे मुकीच आहे. पण केरीच्या बाईंचा आवाज खोबणीत मिटून घेऊन चाललेल्या एका यानाला बाहेर घूम लागते, एवढे चित्र मला कितीतरी दिवस पुरले.

यंदाच्या चवथीला आरती सुरू होती. बाहेरच्या खोलीत शामेळ, कासाळे आणि तीन घुमटे एकदम लागली होती, आणि मी मखरामागे तेलाची बाटली शोधत आतल्या खोलीत गेलो होतो. तिथे खुंटीला मामांचे जुने घुमट टांगलेले होते, घोरपडीचे, वडिलांकडून आलेले, जे ते आता वाजवत नाहीत. जाता जाता त्याला माझा हात लागला. ते थरथरत होते. त्याला कुणी मारले नव्हते. मी तळवा कातड्यावर ठेवला आणि आरती संपेपर्यंत तसाच उभा राहिलो. बाहेर बोल चढला की आतले कातडे भरून येई, बाहेर सम आली की तेही निवे. तेल मी नेलेच नाही.

दुसऱ्या सोमवारी बसमध्ये जागा मिळाली. बाणस्तारी येण्याआधी पहिल्या पानावरची ओळ खोडली आणि तिच्या जागी लिहिले: ‘थोरली वाळली त्या वेळी शेजारी कुठेतरी वाजत होते.’

रविवारी ती ओळ मामांना वाचून दाखवली. ते अंगणात खुर्चीवर बसले होते, डोळे मिटून. बराच वेळ काही बोलले नाहीत. मग म्हणाले, ‘बरें जालें.’ आणि थोड्या वेळाने, डोळे न उघडता, ‘आनी थंय कातें खंयसून हाडलें?’

मी वही मिटली. त्यांनी मला तुळशीपाशी उन्हात ठेवलेले घुमट आत न्यायला सांगितले, जास्त तापले तर फाटेल म्हणून.